भरपाई कमी मिळाली? धारवाडला अपील करण्याआधी निकालातले आकडे उलगडा

तुम्ही दिलेली माहिती अशी: भाऊ खानापूरचा गवंडी, वय ३८, वाहन अपघातात जखमी, मांडीच्या हाडात रॉड, डॉक्टरांनी पायाचं अपंगत्व ४५ टक्के लिहिलंय. बेळगावच्या मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाने भविष्यातल्या कमाईपोटी १,४४,००० दिले. कर्नाटक उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठात अपील करावं का? करावं, पण 'रक्कम फारच कमी' एवढ्यावर नाही. कुठला आकडा चुकला ते बोट ठेवून दाखवावं लागतं.

१,४४,००० आले कुठून? महिना ८,००० × १२ × १५, त्याचे १० टक्के (हे न्यायाधिकरणाने धरलेलं अपंगत्व). यातला १५ हा गुणक, म्हणजे मल्टिप्लायर: वर्षाच्या कमाईला गुणायचा, वयावरून ठरणारा आकडा. सर्वोच्च न्यायालयाच्या २००९ च्या सरला वर्मा निकालाप्रमाणे ३६ ते ४० वयाला तोच लागतो, त्यात वाद नाही. गडबड उरलेल्या दोन आकड्यांत आहे.

आधी उत्पन्न. पगारपत्रक नसेल तर कर्नाटक उच्च न्यायालय बहुधा लोक अदालतीसाठी केलेला काल्पनिक उत्पन्नाचा तक्ता बघतं. त्यात अपघाताच्या वर्षाचा आकडा घ्यायचा, निकालाच्या वर्षाचा नव्हे. मग टक्केवारी. ४५ टक्के हे पायाचं अपंगत्व आहे. संपूर्ण शरीराचं म्हणून साधारण त्याचा एक तृतीयांश, म्हणजे १५ धरण्याची इथे पद्धत आहे. पूर्ण ४५ मागणारं अपील पहिल्याच सुनावणीत हलकं वाटतं. मात्र सर्वोच्च न्यायालयाचा राजकुमार विरुद्ध अजय कुमार (२०११) हा निकाल सांगतो की खरं मोजमाप कामावर झालेल्या परिणामाचं. परांचीवर चढता न येणाऱ्या गवंड्याचं नुकसान टेबलावर बसणाऱ्यापेक्षा मोठं. पण हे डॉक्टरांच्या आणि भावाच्या साक्षीत आलेलं हवं. अपील खालच्याच कागदांवर चालतं, नवा पुरावा सहसा घेत नाहीत. उपचार न केलेल्या डॉक्टरचा दाखला असेल तर टक्केवारी कापली जाण्याचं ते एक मोठं कारण.

समजा उत्पन्न १२,००० आणि अपंगत्व १५ टक्के धरलं: ३,२४,०००. त्यात भविष्यातल्या वाढीचे ४० टक्के (चाळिशीच्या आतल्या स्वयंरोजगाराला) मिळवले तर ४,५३,६००. पप्पू देव यादव (२०२०) निकालाने ही वाढ जखमींनाही लागू केली आहे. तरी अपंगत्व कमी असेल तर खंडपीठ ती देईलच असं धरून चालू नका. रॉड काढायचा खर्च, उपचारकाळातली बुडालेली मजुरी आणि वेदनेची रक्कम हीही वेगवेगळी तपासा.

मुदत निकालाच्या तारखेपासून ९० दिवस. प्रमाणित नकलेला लागलेले दिवस वजा होतात, म्हणून नकलेचा अर्ज निकालाच्याच आठवड्यात टाका. उशीर झाला तर कारणांसह अर्ज करता येतो, पण त्या दिवसांचं व्याज बहुतेक वेळा कापलं जातं. वादातली रक्कम १ लाखाच्या आत असेल तर अपीलच चालत नाही.

सीमाभागात एक घोटाळा हमखास होतो. अपघात चंदगडला आणि दावा बेळगावला असेल तर अपील धारवाड खंडपीठात. अपघात कुठे झाला याला इथे अर्थ नाही. दावा गडहिंग्लजला चालला असेल तर मात्र मुंबई उच्च न्यायालय, म्हणजे ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच. मिरज-कोल्हापूरच्या दवाखान्यांचे मराठी कागद धारवाडला देताना इंग्रजी भाषांतर जोडा.

मंजूर झालेली रक्कम उचलल्याने वाढीव मागणी बुडत नाही. लोक अदालतीत तडजोडीवर सही केली तर मात्र संपलं, त्या निवाड्यावर अपील नाही. विमा कंपनीने आधीच अपील केलं असेल तर नोटीस मिळाल्यापासून एका महिन्यात आपल्याकडून प्रतिआक्षेप, म्हणजे क्रॉस ऑब्जेक्शन, दाखल करता येतो. उलटही लक्षात ठेवा: तुम्ही अपील केलं की कंपनीही तसाच आक्षेप घेऊ शकते. म्हणून निकालात एखादी रक्कम सैल हाताने दिली असेल तर वकिलांना तीही आधीच दाखवा.

धारवाडला जाताना निकालाची नक्कल, दोन्ही साक्षी उलटतपासणीसकट, अपंगत्वाचा दाखला, डिस्चार्ज कार्ड आणि बिलांची यादी घेऊन जा. वकील निकाल न वाचताच 'दुप्पट करून देतो' म्हणाले तर दुसरा बघा.