मशीन माझं, मग बायोस कोणाचा?

प्रश्न : माझ्याकडे लहानपणीचं पहिलं प्लेस्टेशन आहे, पण लेन्स गेल्यामुळे बंद आहे. त्याची बायोस फाइल (मशीन सुरू करणारा, आतल्या चिपवरचा प्रोग्राम) नेटवरून उतरवून मी रास्पबेरी पाय या छोट्या संगणकावर जुने गेम खेळतो. ओळखीतल्यांना आवडलं म्हणून तसेच काही बॉक्स बायोससकट विकले. आता माझी ऑनलाइन जाहिरात कॉपीराइटच्या तक्रारीवरून काढली गेली आणि खुलासा मागणारा ई-मेल आला आहे. मशीन माझ्या मालकीचं असताना यात गुन्हा कसला?
— एक वाचक, सांगली

उत्तर : मशीन तुमचंच. त्यातल्या चिपवरचा प्रोग्राम मात्र सोनीचा. कॉपीराइट कायदा, १९५७ संगणक प्रोग्रामला साहित्यकृती मानतो आणि परदेशी कृतींनाही आपल्याकडे संरक्षण आहे. कन्सोल १९९४ चा असला, बाजारातून कधीच गेला असला, तरी हक्क शाबूत आहे.

घरी खेळण्यापुरतं कलम ५२(१)(एडी) तुमच्या मदतीला येऊ शकतं. स्वतः कायदेशीरपणे मिळवलेल्या प्रतीवरून, बिगरव्यापारी वैयक्तिक वापरासाठी प्रोग्रामची प्रत करायला ते मुभा देतं. खोच ‘प्रतीवरून’ या शब्दात आहे. तुम्ही प्रत आपल्या चिपवरून घेतली नाहीत, कुणा अनोळखी माणसाने चढवलेली उचललीत. दोन्ही फाइल बाइट न् बाइट सारख्या असतील, पण हे कलम प्रत कुठून आली ते विचारतं. लेन्स गेली तरी बोर्डवरची चिप सहसा चांगली असते. जाणकाराकडून तिच्यावरचा प्रोग्राम उतरवून घ्या.

विक्रीला मात्र हे कलम अजिबात लागू नाही. कलम ६३ खाली सहा महिने ते तीन वर्षं कैद आणि ५० हजार ते दोन लाख दंड आहे. हा गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र असल्याचं सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये सांगितलं आहे. ‘फक्त शैक्षणिक वापरासाठी’ असं स्टिकर लावून काही साधत नाही. तरी लोक लावतात.

एम्युलेटर, म्हणजे कन्सोलची नक्कल करून त्याचे गेम चालवणारा प्रोग्राम, बनवणं हा गुन्हा नव्हे. प्लेस्टेशनचा एम्युलेटर विकणाऱ्या कनेक्टिक्स कंपनीवर सोनीने केलेल्या दाव्यात अमेरिकेच्या अपील न्यायालयाने २००० मध्ये निकाल कनेक्टिक्सच्या बाजूने दिला. अभ्यासासाठी त्यांनी बायोसच्या प्रती केल्या होत्या, पण विकलेल्या मालात सोनीचा कोड नव्हता. हा निकाल आपल्या कोर्टांवर बंधनकारक नाही, पण तुम्ही नेमकं उलटं केलंत हे त्यावरून कळेल. पुढे विकायचंच असेल तर बॉक्स बायोस आणि गेमशिवाय विका. पीसीएसएक्स रीआर्म्ड या प्लेस्टेशन एम्युलेटरमध्ये पर्यायी बायोस आहेच; काही गेम त्यावर अडखळतात, ते गिऱ्हाइकाला आधी सांगा. एम्युलेटरचा परवानाही वाचा. स्नेस९एक्ससारख्या एम्युलेटरना व्यापारी वापर चालत नाही.

तूर्त विक्री थांबवा. हिशेब, चॅट, पावत्या पुसू नका. पुसलेलं सापडलं तर प्रकरण जास्त चिघळतं. ई-मेलचं उत्तर स्वतः लिहू नका. ‘चुकून झालं, इतकेच विकले’ अशी एक ओळसुद्धा कबुली म्हणून वाचली जाईल. कागद घेऊन सांगलीतल्याच एखाद्या वकिलाला भेटा आणि खुलासा त्यांच्यामार्फत, दिलेल्या मुदतीत पाठवा.