गिटार अर्धा सूर खाली: वाचकांचे प्रश्न, आमची उत्तरं

गणपती जवळ आले की कॉलेजचे बँड, ऑर्केस्ट्रा आणि मंडळांच्या कार्यक्रमांच्या तालमी सुरू होतात आणि आमच्याकडे सूर उतरवण्याबद्दलची पत्रं वाढतात. या अंकात त्याच विषयाचे प्रश्न एकत्र घेतले आहेत.

आमच्या गायकाला वरची पट्टी झेपत नाही म्हणून सगळी वाद्यं अर्धा सूर खाली घ्यायचं ठरलंय. पण माझ्या क्लिप ट्यूनरवर 'ई फ्लॅट' येतच नाही, 'डी शार्प' येतं. दोन्ही एकच का? आणि सहा तारा नेमक्या कशा उतरवायच्या?
— विद्यार्थी, राजारामपुरी

गिटारवर दोन्ही एकच. बरेचसे क्लिप ट्यूनर या स्वरांना शार्पच्याच नावानं दाखवतात. म्हणून जाड तारेपासून क्रम असा धरा: डी शार्प, जी शार्प, सी शार्प, एफ शार्प, ए शार्प, पुन्हा डी शार्प.

पेटी जवळ असेल तर काम आणखी सोपं होतं. नेहमीच्या ट्यूनिंगमध्ये गिटारच्या तारा पांढरी तीन, सहा, दोन, पाच, सात आणि तीन अशा बोलतात. अर्धा सूर उतरवल्यावर त्या काळी दोन, चार, एक, तीन, पाच आणि दोन होतात. सप्तकातल्या पाचही काळ्या येतात, पांढरी एकही नाही. सूर जुळवताना पेटीवरचं बोट पांढरीवर गेलं, तर ती तार चुकली असं समजा.

ट्यूनर 'गिटार' मोडवर असेल तर तो फक्त नेहमीचे सहा स्वर शोधतो आणि काटा भलतीकडेच दाखवतो. तो 'क्रोमॅटिक'वर, म्हणजे बाराही स्वर ओळखणाऱ्या मोडवर घ्या. काही ट्यूनरमध्ये फ्लॅटचं बटण असतं. ते एकदा दाबलं की पडद्यावर नेहमीचीच नावं दिसतात आणि तारा अर्धा सूर खाली लागतात. तिसरी सोय कॅलिब्रेशनची, म्हणजे पांढरी सहा किती हर्ट्झची धरायची ते ठरवण्याची. ४४० ऐवजी ४१५ ठेवलं तरी तोच परिणाम मिळतो, कारण अर्ध्या सुराचं गुणोत्तर १.०५९५ आहे आणि ४४० ला त्यानं भागलं की ४१५.३ येतात. सगळ्याच ट्यूनरना इतकं खाली जाता येत नाही. शिवाय हे ४१५ तसंच राहून गेलं, तर दुसऱ्या दिवशी साध्या ट्यूनिंगला लावलेली गिटार अर्धा सूर खालीच लागते आणि घोटाळा तालीम सुरू झाल्यावर कळतो. म्हणून आम्ही क्रोमॅटिकचाच सल्ला देतो.

फोनवरच्या ॲपमध्ये हर्ट्झ दिसत असतील तर जाड तारेपासून हे आकडे ताडून पाहा: ७७.७८, १०३.८३, १३८.५९, १८५.००, २३३.०८, ३११.१३.

तार उतरवताना खुंटी सैल करत थेट सुरावर थांबू नका. सुराच्या जरा खाली जा, नटजवळ (खुंट्यांकडच्या टोकाची खाचांची पट्टी) तार बोटानं हलकी ओढा आणि मग घट्ट करत वर येऊन सुरावर थांबा. वरून खाली येऊन थांबलात तर खुंटीच्या दात्यांत आणि नटच्या खाचेत थोडी ढील अडकून राहते. दोन गाण्यांत ती सुटते आणि तार आणखी उतरते. सहा तारा झाल्या की पुन्हा पहिलीपासून बघा. एकेक तार सैल होत गेली की नेकवरचा एकूण ताण कमी होतो, नेक किंचित मागे जाते आणि आधी लावलेल्या तारा थोड्या चढतात. दोन-तीन फेऱ्या लागतात, त्यात गिटारचा दोष नाही.

मी भावगीतांच्या कार्यक्रमात गिटारची साथ करतो. गायक बहुधा काळी एकमध्ये गातात, गायिका काळी चार किंवा पाचमध्ये. सतत बार कॉर्ड (एका बोटानं सगळ्या तारा दाबून) धरून हात भरून येतो. गिटार कायमची अर्धा सूर उतरवून ठेवली तर चालेल का?
— शिवाजी पेठ

चालेल, आणि तुमच्या कामासाठी तेच सोयीचं आहे. अर्धा सूर उतरवण्याचं नाव निघालं की जिमी हेंड्रिक्स, स्टीव्ही रे वॉन किंवा गन्स अँड रोझेस आठवतात. पण आपल्याकडच्या गायनाच्या पट्ट्यांना हे ट्यूनिंग जितकं जुळतं, तितकं साधं ट्यूनिंग जुळत नाही.

उतरवलेल्या गिटारवर डीचा मोकळा कॉर्ड धरा, काळी एक ऐकू येते. ईच्या आकारात काळी दोन, जीच्या आकारात काळी तीन, एच्या आकारात काळी चार. काळी पाचसाठी दुसऱ्या फ्रेटवर कॅपो (तारा दाबून धरणारा चिमटा) लावून पुन्हा एचाच आकार धरा. गाणं कोमल गंधाराचं असेल तर हेच आकार मायनर करा, फक्त काळी तीनला कॅपो तिसऱ्या फ्रेटवर लावून ई मायनर धरा, कारण जी मायनरला पुन्हा बार आलाच. एखादा गायक पांढरी चारमध्ये आला तर कॅपो दुसऱ्या फ्रेटवर आणि ईचा आकार. पांढरी एक किंवा पाच असेल तर कॅपो पहिल्या फ्रेटवर लावा, गिटार साध्या ट्यूनिंगची झाली, मग सी किंवा जी नेहमीसारखा वाजवा. कॅपो लावल्यावर तारा थोड्या चढतात आणि सैल तारा जास्तच चढतात, तेव्हा कॅपो लावूनच एकदा सूर तपासा.

खरी अडचण पेटीची असते. जुन्या पेट्या बरोबर ४४० वर असतीलच असं नाही. पेटीचे सूर कार्यक्रमात हलवता येत नाहीत, म्हणून गिटारनं पेटीकडे जायचं. पेटीची पांढरी सहा दाबून ठेवा आणि ट्यूनरवर वाचा. काटा ८ सेंट (सेंट म्हणजे अर्ध्या सुराचा शंभरावा भाग) वर दाखवत असेल तर कॅलिब्रेशन ४४२ करा आणि मग तारा लावा. सोबत कीबोर्ड असेल तर त्याचं मास्टर ट्यूनही तेवढंच वर घ्यायला सांगा, नाहीतर पेटी आणि कीबोर्ड एकत्र वाजताना सूर थरथरतो.

तालमीत कॉर्डची नावं कोणत्या हिशेबानं घ्यायची हेही आधीच ठरवा. तुम्ही 'डी' म्हणालात आणि साध्या ट्यूनिंगचा बेसवाला खरोखर डी वाजवू लागला, तर पहिल्याच ओळीला गाणं फिसकटतं. देवल क्लबसारखी जुनी संगीत संस्था असलेल्या आपल्या कोल्हापुरात काळी-पांढरीची भाषा सगळ्यांनाच येते. तीच वापरावी.

अकूस्टिक गिटार अर्धा सूर उतरवली आणि जाड तारा झणझणायला लागल्या. दुकानदार म्हणतो गिटारच हलकी आहे. खरं कारण काय?
— कळंबा

गिटारला लगेच दोष देऊ नका. तारेचा ताण तिच्या कंपनसंख्येच्या वर्गाच्या प्रमाणात असतो. अर्धा सूर खाली गेलं की कंपनसंख्या साडेपाच टक्क्यांच्या आसपास घटते, पण ताण जवळजवळ ११ टक्के कमी होतो. १२-५३ गेजच्या (गेज म्हणजे तारांची जाडी) अकूस्टिक सेटचा साध्या ट्यूनिंगमधला एकूण ताण साधारण ७४ किलो भरतो, तो ६६ च्या आसपास येतो. इलेक्ट्रिकच्या १०-४६ सेटचा ४७ वरून ४२. यातून दोन गोष्टी एकदम घडतात: सैल तार जास्त रुंद हेलकावते, आणि नेकला ओढून धरणारा ताण घटल्यामुळे ती सरळ होते. तार आणि फ्रेटमधली जागा दोन्हीकडून कमी होते.

पहिला उपाय तारांचा. तंबोऱ्याला काळी एकसाठी वेगळ्या आणि काळी पाचसाठी वेगळ्या जाडीच्या तारा लावतात, हिशेब तोच आहे. ताण परत मिळवायला तार साधारण ६ टक्के जाड हवी. अकूस्टिकवर १२-५३ असेल तर १३-५६ चा सेट घ्या. इलेक्ट्रिकवर १०-४६ असेल तर ११-४९. हे आकडे इंचाच्या हजाराव्या भागात असतात, सेटच्या पाकिटावर छापलेले मिळतात. एवढ्यानं बरीच झणझण जाते.

तरी राहिलीच तर ती कुठे आहे ते बघा. फक्त मोकळी तार झणझणत असेल तर नटची खाच खोल गेली आहे. पहिल्या ते पाचव्या फ्रेटपर्यंत असेल तर नेक जास्त सरळ झाली आहे. बाराव्याच्या पुढे असेल तर सॅडल (ब्रिजवर तारा टेकतात ती पट्टी) बुटकी आहे. तुमच्या पत्रावरून दुसरा प्रकार वाटतो.

तो मोजायची रीत अशी. सुरात लावलेल्या गिटारवर पहिल्या फ्रेटवर कॅपो लावा, जाड तार नेक बॉडीला मिळते त्या फ्रेटवर दाबा आणि सातव्या-आठव्या फ्रेटवर तारेखालची फट पाहा. ती ०.२ ते ०.२५ मिलिमीटर हवी. गाडीचे टॅपेट लावायला वापरतात ते फिलर गेज इथे चालतं, उद्यमनगरात ते शोधावं लागणार नाही. फट नसेलच तर ट्रस रॉड (नेकच्या आतली सळई) सैल करायचा, म्हणजे घड्याळाच्या उलट दिशेनं. एका वेळी एक अष्टमांश फेरा, फार तर पाव. मग पुन्हा सुरात लावा आणि पुन्हा मोजा. लाकूड सावकाश हलतं, म्हणून रात्रभर थांबून सकाळी शेवटचं माप घ्या. चावी गिटारबरोबर आलेलीच वापरा. थोडी सैल चावी रॉडच्या नटचे कोपरे खाते आणि मग तो रॉड कुणाच्याच हाती लागत नाही. रॉडचा नट पूर्ण सैल होऊनही फट येत नसेल तर तिथेच थांबा. साधा रॉड नेकला पुढे ढकलू शकत नाही. अशा वेळी जाड तारा हाच मार्ग.

ऋतूकडेही लक्ष द्या. आपल्या पावसाळ्यात गिटारची वरची पाटी हवेतला ओलावा शोषून फुगते आणि तारा वर उचलल्या जातात. श्रावणात सॅडल घासून तारा खाली आणल्यात तर एप्रिलच्या कोरड्या हवेत तीच गिटार पुन्हा झणझणेल. सॅडल घासायची असेल तर पाऊस सरल्यावर घासा. ट्रस रॉड केव्हाही परत फिरवता येतो, घासलेली सॅडल वाढत नाही.

चार तारांचा बेस आहे. ई तार उतरवली की फोनचा ट्यूनर काहीच दाखवत नाही आणि सूरही डळमळतो.
— इचलकरंजी

उतरवलेली जाड तार ३८.८९ हर्ट्झवर असते. फोनचा छोटा माइक एवढा खालचा सूर नीट पकडत नाही. तार बाराव्या फ्रेटच्या बरोबर वर हलकेच स्पर्श करून हार्मोनिक वाजवा. तो ७७.७८ वर येतो आणि ट्यूनर लगेच ओळखतो. बाकीच्या तारा ५१.९१, ६९.३० आणि ९२.५० वर लागतात, त्यांनाही हीच युक्ती लागू. केबलनं जोडायचा पेडल ट्यूनर असेल तर उत्तमच.

सूर डळमळतो तो जोरात छेडल्यामुळे. सैल तारेवर जोराचा आघात झाला की सुरुवातीला ती चढी बोलते आणि मग उतरते. ट्यूनिंग करताना नेहमीच्या जोरापेक्षा हलकं छेडा, आणि ४५-१०५ च्या जागी ५०-११० चा सेट लावा. त्यानंतर नटच्या खाचा बघा. जाड तार खाचेत अडकली तर खुंटी फिरवताना 'टिंग' असा आवाज येतो आणि सूर उडी मारतो. मऊ पेन्सिलीचं शिसं खाचेत घासल्यावर सुटली तर ठीक, नाहीतर खाच जाणकाराकडून रुंद करून घ्या.

इंटोनेशन शेवटी. बाराव्या फ्रेटवरचा हार्मोनिक आणि तिथेच दाबून वाजवलेला सूर सारखे हवेत. दाबलेला चढा असेल तर सॅडल मागे, उतरलेला असेल तर पुढे. पाच तारांचा बेस असणाऱ्यांनी मात्र काहीच उतरवायची गरज नाही. बी तारेच्या चौथ्या फ्रेटवर हवा तो ई फ्लॅट आहेच, फक्त मोकळ्या तारांवर बसवलेल्या ओळी नव्यानं बसवाव्या लागतील.

फ्लॉइड रोझ ब्रिजची गिटार आहे. एक तार उतरवली की बाकीच्या चढतात, शेवटी ब्रिजच आत बुडाला.
— गडहिंग्लज

तुमच्या गिटारवर तारा एका बाजूनं ओढतात आणि मागच्या स्प्रिंगा दुसऱ्या बाजूनं. तारांचा ताण ११ टक्के घटला, स्प्रिंगांचा तसाच राहिला, म्हणून ब्रिज मागे गेला. जाड तारा लावणार असाल तर फारसं काही हलवावं लागणार नाही, ११-४९ चा ताण जुन्या सेटच्या जवळच जातो.

त्याच तारा ठेवायच्या असतील तर आधी नटवरचे लॉक उघडा. फाइन ट्यूनर सगळे मध्यावर आणा. सहा तारा खुंट्यांनी अंदाजे सुरावर आणा, मग मागचं झाकण काढून स्प्रिंगांचा पंजा धरून ठेवणारे दोन स्क्रू अर्धा-अर्धा फेरा सैल करा, दोन्ही सारखेच. पुन्हा सूर, पुन्हा स्क्रू. ब्रिजची पाटी बॉडीला समांतर झाली की थांबा, तारा ओढून ताणून घ्या, पुन्हा जुळवा आणि मगच लॉक लावा. तासभर तरी हाताशी ठेवा. एकाच कार्यक्रमात दोनच गाणी उतरवायची असतील तर ही गिटार हलवूच नका. पक्क्या ब्रिजची दुसरी गिटार मागून आणा.

गिटार वर्षभर उतरवलेलीच ठेवली तर खराब होते का?
— कागल

नाही. कमी ताणानं गिटारला धोका नसतो. बारा तारांची गिटार तर बरेच जण मुद्दाम अर्धा सूर खाली ठेवतात आणि साधा सूर हवा असेल तेव्हा पहिल्या फ्रेटवर कॅपो लावतात, ब्रिजवरचा ओढा तेवढाच कमी. त्रास होतो तो रोज खाली-वर करण्यानं. तारा खुंटीजवळ आणि नटवर थकून तुटतात, नेक एका जागी ठरत नाही. साधं ट्यूनिंगही अधूनमधून लागत असेल तर गिटार उतरवलेलीच राहू द्या आणि कॅपो केसमध्ये ठेवा.