एकोणिसाव्या शतकात जर्मनीचा चान्सेलर, म्हणजे सरकारप्रमुख, असलेल्या बिस्मार्कसारख्या कट्टर राजेशाहीवाद्याने कामगारांसाठी विमा योजना का आणली?

कळवळ्यापेक्षा धास्ती जास्त होती. 1871 च्या एकीकरणानंतर जर्मनीत कारखानदारी झपाट्याने वाढली. रुर खोऱ्यातल्या कोळसा-पोलादाच्या गावांत खेड्यातून आलेली माणसं दाटीवाटीने राहू लागली. यंत्रात हात गेला तर नोकरीही जायची, आणि नुकसानभरपाईसाठी मालकाची चूक कामगारालाच सिद्ध करावी लागे. अशा वातावरणात समाजवादी पक्षाची मतं वाढत चालली होती.

बिस्मार्कने 1878 मध्ये कायदा करून समाजवाद्यांच्या सभा, संघटना आणि वृत्तपत्रांवर बंदी घातली. गंमत म्हणजे निवडणूक लढवायला मात्र त्यांना मोकळीक राहिली! नुसत्या दंडुक्याने भागणार नाही, कामगाराला सरकारचा आधार वाटला पाहिजे, हे त्याने ओळखलं. म्हणून 1883 मध्ये आजारपणाचा विमा आला; त्याची दोन तृतीयांश वर्गणी कामगारांची, एक तृतीयांश मालकांची. 1884 च्या अपघात विम्याचा सगळा भार मालकांवर टाकला, आणि चूक कोणाची हा प्रश्नच निकालात निघाला. माझ्या मते खरा मोठा बदल हाच. 1889 च्या वृद्धापकाळ पेन्शनचं फार कौतुक होतं, पण ती मिळायची सत्तरीनंतर. तोवर जगणारे कामगार थोडेच.

राजकीय डाव मात्र फसला. 1890 च्या निवडणुकीत समाजवाद्यांना सर्वाधिक मतं पडली. त्याच वर्षी बंदीचा कायदा संपला आणि बिस्मार्कलाही पद सोडावं लागलं. विमा योजना मात्र टिकल्या.