कुकरची रिंग मिळेल का, ते आधी विचारा

संक्रांत जवळ आली की भांड्यांची पत्रं वाढतात, या वेळी तर ढीगच आलाय. पुण्यात रविवार पेठेत मी ३४ वर्षं भांड्यांचा होलसेल केला, आता दुकान मुलगा बघतो, त्यामुळे वेळ आहे आणि बोलायला खूप काही आहे. सगळी पत्रं घेता येत नाहीत, चार घेतलीत.

प्रश्न : नमस्कार काका, मुलीच्या लग्नाची भांडी घेतेय. इतवारीत एक लॉकवाला स्टीलचा लंच बॉक्स बघितला ४८० चा, दोन दुकानं सोडून अगदी तसाच डबा दुसऱ्या ब्रँडचा ७१० ला. क्लिप तीच, झाकणावरची रेघसुद्धा तीच! यातलं एक डुप्लिकेट आहे का? – एक वाचक, नागपूर

ताई, बहुतेक दोन्ही खरे असणार. आपल्याला वाटतं ब्रँड म्हणजे कारखाना, पण स्वस्तातल्या ब्रँडेड भांड्यांमध्ये बऱ्याच कंपन्यांकडे कारखाना नसतोच. म्हणजे हॉकिन्ससारखे स्वतःचे कारखाने असलेले आहेत, त्यांचे कुकर ठाण्याला, होशियारपूरला बनतात, पण बाकी कितीतरी नावं अशी आहेत की ती डिझाइन ठरवतात, माल दुसऱ्याकडून बनवून घेतात, स्वतःच्या खोक्यात भरतात आणि डिस्ट्रिब्युटरमार्फत गावोगाव पोचवतात. स्टील भाईंदर-वसईच्या गाळ्यांमधून येतं, किसणी-चॉपर-स्लायसर राजकोटवरून, प्लास्टिकचे डबे दमण-सिल्वासाकडून, काच फिरोजाबादहून. यात फसवणूक काही नाही, धंद्याची पद्धतच ती आहे.

आता सेम टु सेम का दिसतात, तर साचा कोणाचा आहे त्यावर ते असतं. साचा कंपनीने स्वतः पैसे घालून बनवला असेल तर तो डबा फक्त त्यांच्याच नावाने निघतो. साचा कारखानदाराचा असेल तर तो पाच जणांना तोच डबा देतो, नाव तेवढं वेगळं उमटवून.

मग २३० रुपये कशाचे? कधी पत्र्याच्या जाडीचे, कधी झाकणातल्या रिंगचे, कधी नुसत्या जाहिरातीचे. दुकानदाराला सांगून दोन्ही डबे काट्यावर ठेवा, तेवढ्याच मापात जो जड त्याचा पत्रा जाड, हे आपल्या आज्यांना माहीत होतं म्हणून त्या वजनावर भांडी घ्यायच्या, नगावर नाही. (गेज विचारलंत तर लक्षात ठेवा, आकडा जितका मोठा तितका पत्रा पातळ, २४ पेक्षा २२ जाड.) खोक्यावर बनवणाऱ्याचं नाव-पत्ता, महिना-वर्ष, एमआरपी, कस्टमर केअर हे सगळं छापलेलं असायलाच पाहिजे, तो नियमच आहे. आणि शेवटचं म्हणजे दुकानदाराला विचारा की याची क्लिप तुटली, रिंग सैल झाली तर सुटी मिळेल का. जो हो म्हणेल आणि काउंटरखालून काढून दाखवेल त्याचा घ्या, मग तो ४८० चा असला तरी चालेल.

प्रश्न : काका, कराडला घराखालीच गाळा आहे, होम अप्लायन्स आणि भांड्यांचं दुकान टाकायचंय. एक होलसेल कंपनी डीलरशिप देतेय, पहिली ऑर्डर ३ लाखांची, एमआरपीच्या ४० टक्के खाली माल आणि वर १० पेट्यांवर १ पेटी फ्री. घेऊ का? – एक वाचक, कराड

४० टक्के ऐकून हुरळून जाऊ नका. समजा एमआरपी ५२५ आहे, त्यात जीएसटी धरलेला असतो. तुम्हाला पडला ३१५ ला. पण भांड्याच्या दुकानात एमआरपीला कोण घेतं हो? गिऱ्हाईक आत येतानाच वीस टक्के कमी धरून येतं, म्हणजे विकला ४२० ला. दोन्हीतून ५ टक्के जीएसटी काढला तर विक्री ४००, खरेदी ३००, हातात १००. त्यातून लाईट, दुकानातल्या पोराचा पगार, तुटफूट, आणि जो माल दोन वर्षं फळीवर बसणार त्याचे अडकलेले पैसे. धंदा होतो, वाईट नाही, पण ४० टक्के हा आकडा फक्त खोक्यावरचा आहे. २२ सप्टेंबर २०२५ पासून स्टील-ॲल्युमिनियमच्या भांड्यांचा जीएसटी १२ वरून ५ टक्के झाला, त्यामुळे जुना स्टॉक कोणी गळ्यात मारत असेल तर त्यावरची एमआरपी नीट बघून घ्या.

स्कीमबद्दल माझं मत पक्कं आहे. फ्री पेटी त्याच मालावर असते जो गोडाऊनमध्ये पडून आहे. हा अनुभव मला महागात पडलाय. बऱ्याच वर्षांपूर्वी एका कंपनीची कॅसरोलची स्कीम घेतली, (नाव लिहीत नाही) ४० पेट्या उचलल्या, माल गेला पण चटाचट, लग्नसराई होती. आठ-नऊ महिन्यांनी बायका झाकणं घेऊन परत यायला लागल्या, बिजागरी तुटलेली, आणि कंपनीने तोवर ते मॉडेलच बंद केलेलं. झाकण नाही, बिजागरी नाही, फोन उचलणारा माणूस नाही. एक आजी आल्या होत्या, नातीच्या रुखवतात ठेवलेला सेट, त्या काही भांडल्या नाहीत, नुसतं म्हणाल्या "तुमच्यावर विसंबून घेतला होता." मी जमेल तेवढे बदलून दिले, पण ते वाक्य काही जात नाही मनातून. तेव्हापासून कुठल्याही कंपनीचा माणूस आला की रेट नंतर, आधी स्पेअरची लिस्ट टाक म्हणतो.

तर तुम्ही असं करा. ३ लाखांच्या जागी ८०-९० हजारांची मिक्स ऑर्डर मागा, खरी कंपनी असेल तर देते. तुटका आणि न खपलेला माल परत घेणार का ते लेखी घ्या. कराडमध्ये अजून किती जणांना डीलरशिप देणार तेही विचारा. आणि पहिला माल संक्रांतीच्या आधी भरा. हळदीकुंकवाच्या वाणाला बायका ५१ नाहीतर १०१ नग एकदम उचलतात, चाळण्या, छोटे डबे, चहाची गाळणी, चमच्यांचे स्टँड, नगामागे मार्जिन कमी असतं पण रोकड असते, उधारी नाही, आणि रथसप्तमीपर्यंत अख्ख्या गल्लीला तुमचं दुकान कळतं. जाहिरातीवर पैसे घालण्यापेक्षा हे कितीतरी चांगलं.

प्रश्न : मी प्रॉडक्ट डिझाइन शिकलोय, मित्राबरोबर स्वतःचा किचनवेअर ब्रँड काढायचाय, माल बाहेरून बनवून घेऊ. मसाल्याच्या डब्याचं एक वेगळं डिझाइन केलंय, इन्स्टावर टाकून रिस्पॉन्स बघावा का? – एक वाचक, ठाणे

थांब रे बाबा, टाकू नकोस! डिझाइन कायदा २००० प्रमाणे डिझाइन नवीन असावं लागतं, म्हणजे अर्ज करायच्या आधी ते लोकांसमोर आलेलं नको, इन्स्टावर टाकलंस की तूच आपल्या पायावर धोंडा मारून घेतलास. आधी अर्ज कर. रजिस्टर झालं की १० वर्षं मिळतात, पुढे ५ वाढवता येतात. फक्त त्यात दिसणं राखलं जातं, आकार, रेषा, नक्षी, डबा कसा चालतो ते नाही. ब्रँडच्या नावासाठी ट्रेडमार्क वेगळा, घरगुती भांडी २१ नंबरच्या वर्गात येतात.

मग साचा. कारखानदार म्हणेल साच्याचे पैसे मी घालतो, तुम्ही फक्त ऑर्डर द्या, गोड वाटतं, पण मग साचा त्याचा झाला आणि वर नागपूरच्या ताईंनी बघितलं तसं तुझा डबा सहा महिन्यांत दुसऱ्याच्या खोक्यात दिसणार. पैसे कमी असले तर एकच डबा काढ पण साचा तुझा असू दे, आणि तो त्याच्या गाळ्यात ठेवलेला असला तरी मालकी तुझी, असं कागदावर घे.

या लहान कारखानदारांचे पैसे वेळेवर दे. लेखी करार नसेल तर १५ दिवस, असेल तर जास्तीत जास्त ४५, त्यापुढे गेलास तर प्रत्यक्ष पैसे देईपर्यंत तो खर्च आयकरात धरता येत नाही. पण कायदा बाजूला ठेव, भाईंदरला पॉलिशच्या मशीनवर काळ्याभोर हातांनी दिवसभर उभी राहणारी माणसं मी बघितलीत, तुझं पेमेंट अडकलं की त्यांचा पगार अडकतो.

आणि 'आम्ही फक्त मार्केटिंग करतो' हे वाक्य कधी वापरू नकोस. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यात दुसऱ्याने बनवलेल्या मालावर जो आपलं नाव घालतो तोही उत्पादकच धरलाय. मला तर हा कायदा फार आवडतो. नाव तुझं, तर तुटलेल्या झाकणाचा फोनही तुझाच. म्हणून पहिल्या १००० डब्यांबरोबर निदान १०० सुटी झाकणं आणि वाट्या बनवून ठेव, लोकांना त्याचंच अप्रूप वाटेल.

प्रश्न : ऑनलाइन एक कुकर अर्ध्या किमतीत मिळतोय, ब्रँड ओळखीचा नाही. आणि स्टील चांगलं आहे का हे लोहचुंबकाने कळतं ना? – एक वाचक, लातूर

कुकरवर आयएसआयचा शिक्का नसेल तर फुकट मिळाला तरी घेऊ नका. 'आयएस २३४७' हे मानक घरगुती कुकरला सक्तीचं आहे, आणि बिनशिक्क्याचे कुकर विकू दिले म्हणून २०२२ मध्ये मोठमोठ्या ऑनलाइन कंपन्यांना दंड झालाय. शिक्क्याखाली सीएम/एल ने सुरू होणारा नंबर असतो, तो बीआयएसच्या, म्हणजे हा शिक्का देणाऱ्या सरकारी संस्थेच्या, केअर ॲपमध्ये टाका, लायसन्स कोणत्या कारखान्याचं आहे ते समोर येतं, ब्रँडचं नाव काहीही असो.

चुंबकाचं मात्र अर्धवट आहे. ३०४ नंबरच्या स्टीलला, ज्यात साधारण १८ टक्के क्रोमियम आणि ८ टक्के निकेल असतं, चुंबक सहसा चिकटत नाही. पण २०२ नंबरचं स्वस्त स्टील, ज्यात निकेल कमी करून मँगनीज घालतात, त्यालाही चिकटत नाही, त्यामुळे या दोघांतला फरक चुंबकाने कळणारच नाही. उलट इंडक्शनच्या भांड्याच्या बुडाला चुंबक चिकटायलाच हवं, तिथे तो दोष नाही. जुन्या दुकानदारांकडे तपासायच्या औषधाची छोटी बाटली असते, भांड्याच्या बुडाला एक थेंब टाकायचा, बॅटरी लावायची, मँगनीजवालं असेल तर रंग बदलतो. लातूरच्या मार्केटमध्ये जुन्या भांडीवाल्याकडे विचारा, गिऱ्हाईकाने मागितलं तर करून दाखवतात. आणि तिथेच उभे आहात तर त्या कुकरची रिंग आणि सेफ्टी वॉल्व्ह सुटा मिळतो का तेही विचारून घ्या, रिंग वर्ष-दीड वर्षात बदलावी लागणारच आहे.