काय वाचू, कुठून सुरू करू?

आधी जवळच्या वाचनालयाचे सभासद व्हा आणि दिवाळी अंक घरी आणा. १९०९ मध्ये ‘मनोरंजन’ मासिकाने सुरू केलेली ही परंपरा नव्या वाचकासाठी सोन्यासारखी आहे. एकाच अंकात कथा, प्रवासवर्णन, व्यक्तिचित्र, दीर्घ लेख, सगळं चाखायला मिळतं. आवडलेल्या लेखकाचं नाव वहीत टिपा.

मग त्याचा माग काढा. व्यंकटेश माडगूळकरांची ‘बनगरवाडी’ आवडली? ती कादंबरी. त्यांचंच ‘नागझिरा’ घ्या, तिथे जंगलातले खरे अनुभव आहेत. तिथून पुढे वनखात्यात आयुष्य घालवलेले मारुती चितमपल्ली. कादंबरीतून निसर्गलेखनात कधी शिरलात, कळणारही नाही.

पुस्तकाच्या शेवटची संदर्भसूची जरूर बघा. मन रमलं नाही तर पुस्तक खुशाल परत करा, दुसरं घ्या.