दुसऱ्या महायुद्धात एलएसटी-३२५ या जहाजाने नेमकं काय केलं?

रणगाडे थेट किनाऱ्यावर उतरवण्यासाठी बांधलेलं हे अमेरिकी जहाज. तळ सपाट, नाकाड्याला दोन दारं, आत वाहनं उतरवायला उतरता फलक. वेग जेमतेम १२ नॉट (ताशी सुमारे २२ किमी), म्हणजे शत्रूच्या विमानांना आयतं सावज!

फेब्रुवारी १९४३ मध्ये ते नौदलात दाखल झालं. त्याच वर्षी इटलीवरच्या दोन चढायांत ते होतं: जुलैत सिसिली, सप्टेंबरात सालेर्नो. मात्र त्याची खरी ओळख फ्रान्समधल्या नॉर्मंडीवरच्या चढाईची. ७ जून १९४४ला, म्हणजे चढाईच्या दुसऱ्या दिवशी, ते तिथल्या ‘ओमाहा’ या सांकेतिक नावाच्या किनाऱ्यासमोर होतं. तेव्हा ते वाळूत न घुसता समुद्रातच नांगरून राहिलं आणि माणसं-वाहनं छोट्या होड्यांत उतरवली. पुढच्या काही महिन्यांत इंग्लिश खाडीतून चाळीसहून अधिक फेऱ्या केल्या. हे हमालीचंच काम, पण त्यावरच आघाडी चालत होती.

मला सर्वांत मोठी वाटते ती २८ डिसेंबर १९४४ची कामगिरी. एम्पायर जॅव्हलिन या सैनिकवाहू जहाजाला फ्रान्सजवळ जलसमाधी मिळाली, तेव्हा एलएसटी-३२५ने सुमारे ७०० जणांना वाचवलं.

पुढे ते ग्रीक नौदलात गेलं. २०००-०१च्या हिवाळ्यात म्हाताऱ्या माजी नौसैनिकांनी ते स्वतः चालवत अटलांटिकपार अमेरिकेत नेलं. आता इंडियानातल्या इव्हान्सव्हिलला ते बघता येतं.