नाच धरायचा की चित्रकला?

प्रश्न : मुलगी नववीत आहे. भरतनाट्यमचा क्लास चालू आहे, एलिमेंटरीची परीक्षा पण दिलीय आणि वह्यांच्या मागच्या पानांवर सगळी चित्रंच. घरात रोज तोच वाद, दोन्ही नाही जमायचं, एक काय ते धर म्हणून. परवा कुणीतरी म्हणालं, ते मोठे नर्तक उदय शंकर आधी पेंटर होते. खरं आहे का ओ हे?
– एक आई, राजारामपुरी, कोल्हापूर

उत्तर : खरं आहे की! आधी मुंबईचं जे. जे. स्कूल ऑफ आर्ट, मग लंडनचं रॉयल कॉलेज ऑफ आर्ट, सगळं रीतसर शिक्षण चित्रकलेचंच. लंडनमध्ये अ‍ॅना पाव्हलोव्हा या रशियन बॅले डान्सरला भारतीय विषयावर काहीतरी करायचं होतं, तिच्यासाठी यांनी १९२३ मध्ये राधा-कृष्णाचा नाच बसवला, ती राधा आणि हे स्वतः कृष्ण. आणि गंमत म्हणजे तोवर कुठल्याच गुरूकडं नाच शिकलेले नव्हते, कथकलीचे शंकरन नंबुद्री भेटले ते पुढं. मग अंगात आलं कुठनं हे सगळं? तर जुन्या मूर्ती आणि चित्रं बघून बघून. म्हणजे माझं म्हणणं असं की त्यांनी चित्रकला सोडलीच नाही, फक्त कागदाच्या जागी स्टेज आलं. १९३० ला भारतभर मूर्ती आणि नाच बघत फिरले तेव्हा बरोबर कोण, तर अ‍ॅलिस बोनर, ती पण स्विस शिल्पकारच.

पुढं हिमालयात अल्मोड्याला नाच शिकवायचं सेंटर काढलं, गुरुदत्त आणि जोहरा सेहगल तिथलेच. सेंटर काही वर्षांतच बंद पडलं, पैशाचं गणित काही बसलं नाही, हे पण घरात सांगा, उगीच लपवू नका. बायको अमला शंकर नाचायच्या आणि चित्रंही काढायच्या, ती पण ब्रशनं नव्हे, बोटांनी आणि नखांनी!

आपल्या कोल्हापूरकरांना तर यात नवल वाटायलाच नको, आपले बाबूराव पेंटर नाटकाचे पडदे रंगवता रंगवताच सिनेमात शिरले ना. उदय शंकरांनीही १९४८ मध्ये 'कल्पना' हा सिनेमा काढला, तो रविवारी पोरीबरोबर बसून बघा. गोष्ट जरा विस्कळीत आहे, गोष्टीच्या मागं लागू नका, पण यंत्रांचा नाच आला की पोरीला म्हणावं पॉज कर आणि त्या फ्रेमचं स्केच काढ.